आबांनी मागवलेली रॉकची पुस्तकं

गेल्या महिन्यात बुरहानपूरच्या सिंधीपुऱ्यातल्या आमच्या घरी एक जाडजूड पार्सल आलं आणि मी ते घ्यायलाच तयार नव्हते. मी काही मागवलं नव्हतं, नवऱ्यानेही नाही... आणि हल्ली अशा पार्सलांच्या मागून काय काय फोन येतात, ते आपण सगळे ऐकतोच.

तेवढ्यात आतून आबांचा, म्हणजे माझ्या सासऱ्यांचा आवाज आला, "घे ना ते, वैशाली. मीच मंगवलंय." आबा आणि ऑनलाइन? मला तिथेच खटकलं.

तसा माझा स्वभाव संशयीच आहे, नाकारत नाही. दूधवाल्यावर, मीटर बघायला येणाऱ्यावर, जास्त गोड बोलणाऱ्या नातेवाइकांवर... कुणावर माझा चटकन विश्वास बसत नाही.

आबांनी पार्सल खोलीत नेलं आणि दार लोटून घेतलं. मी चहाच्या निमित्ताने आत गेले, तर त्यांनी घाईघाईने वर पेपर टाकला. पण मुखपृष्ठाचा कोपरा दिसलाच... उघडाबंब, केस वाढवलेला एक माणूस, हातात गिटार.

आमचे आबा निवृत्त वकील. आयुष्यभर सकाळी रेडिओवर अभंग आणि रविवारी नाट्यसंगीत, यापलीकडे त्यांचं संगीत गेलेलं नाही. आठ-दहा दिवसांत आणखी दोन पार्सलं आली. सगळी इंग्रजी, सगळी रॉक संगीताच्या इतिहासावरची. नवरा म्हणाला, "वाचू दे ना, टाइमपास." त्याला कशाचाच संशय येत नाही, म्हणून दोघांच्या वाटचा मलाच घ्यावा लागतो.

एका संध्याकाळी आबा फिरायला गेले आणि मी खोलीत शिरले. पुस्तकांत जागोजागी पिवळ्या चिकट चिठ्ठ्या लावलेल्या. एक पान उघडलं... कोणी गायक नशेत गेला. दुसरं उघडलं... गाडीचा अपघात. तिसऱ्यात, लहानपणापासूनचे मित्र पैशांवरून एकमेकांविरुद्ध कोर्टात. जिथे चिठ्ठी, तिथे वाटोळं.

हे वाचन नव्हतं, आबा केस तयार करत होते. समोरच्या पार्टीचे कागद आधी स्वतः पाठ करायचे आणि मग त्याच कागदांनी तिला गप्प करायचं, ही त्यांची वकिलीची पद्धत सगळ्या बुरहानपूर कोर्टाला ठाऊक होती.

आणि समोरची पार्टी म्हणजे माझा निनाद.

निनाद इंदौरला नोकरी करतो आणि मित्रांच्या बँडमध्ये ड्रम वाजवतो. दिवाळीत त्याने सांगितलं होतं की वर्षभर नोकरी सोडून फक्त वाजवायचं आहे. आबा एवढंच म्हणाले होते, "बघू." आमच्या घरात मोठा निर्णय आबांना विचारल्याशिवाय होत नाही. आता तो रविवारी उत्तर ऐकायला येणार होता. फोनवर मला म्हणाला, "आई, आबांनी मना केलं ना, तर मी परत नाही विचारणार. आणि सच सांगू? घरी यायचं मन पण नाही होणार मग."

मी काय करावं? सगळ्यात जाड पुस्तक उचललं आणि तांदळाच्या डब्यामागे लपवलं.

दुसऱ्या दिवशी जेवताना आबा शांतपणे म्हणाले, "कागद गायब करणाऱ्याची केस कमजोर असते, बेटा." मी मुकाट्याने पुस्तक परत नेऊन ठेवलं.

रविवारी निनाद आला. आबांनी पुस्तकं टेबलावर मांडली, चष्मा लावला आणि एकेक चिठ्ठी उघडून वाचायला लागले. हा असा गेला, तो तसा संपला... निनादची मान खाली. मी पोह्यांची डिश घेऊन दारातच उभी. खरं सांगते, त्या वेळी मला आबांचा राग आला होता.

शेवटची चिठ्ठी झाली आणि आबांनी चष्मा काढला.

"मी मना करायलाच बसलो होतो," ते म्हणाले. "पण एक गोष्ट मला कुठंच नाही भेटली. एवढी पोरं, एवढे कार्यक्रम, हजारो लोकं समोर... पण ज्यांची वाट लागली, त्यांच्यातल्या एकाचाही बाप नाहीतर आजा तिथं बसून ऐकतोय, असं एक पान नाही. नशा, पैसा, ते सगळं आहेच. पण ही पोरं घरातून निघाली, ती एकटीच राहिली. बोल, तुझा पुढचा प्रोग्राम कधी आहे?"

निनादने फोन काढून तारीख दाखवली.

परवाच्या शनिवारी आम्ही इंदौरला गेलो. कॅफेत सगळी विशीतली पोरं आणि पुढच्या खुर्चीत पांढऱ्या शर्टातले, काठी घेतलेले आबा. भिंती हादरत होत्या. मला अजूनही वाटत होतं, हे आता उठतील, मग उठतील... उठले नाहीत.

संपल्यावर निनाद घामाघूम होऊन समोर येऊन उभा राहिला. आबा म्हणाले, "मला काही आवडलं नाही. डोकं उठलं." निनादचा चेहरा उतरला. "पण एक साल घे तू. आणि प्रोग्रामची तारीख आधी सांगत जा, मला पुढची खुर्ची लागते."

पोरगा पाया पडायला वाकला, तो बराच वेळ वर उठलाच नाही. आबा नुसते त्याच्या ओल्या पाठीवर हात फिरवत राहिले.

आबा, तुमच्या मनात काय चाललंय याचा मला आजवर संशयच येत आलाय, आणि स्वभाव आहे, पुढेही येईल... पण चुकल्याचा एवढा आनंद मला आयुष्यात कधी झाला नव्हता.