ओळीखालचं बोट

पौषातली सकाळ होती. मी ओट्यावर बसून सुताच्या कांड्या भरत होते आणि आतल्या खोलीत यजमान मागावर होते. हातमागाचा खटखटाट विणकराच्या घरात इतका मुरलेला असतो की तो चालू असताना कानावर येतच नाही, बंद पडला की मात्र लगेच कळतं. त्या सकाळी तो बंद पडला. सूत तुटलं असेल म्हणून मी थोडा वेळ तशीच बसून राहिले. मग धोटा खाली पडल्याचा आवाज आला आणि मी आत गेले. ते बसूनच होते, पण उजवीकडे कलले होते. काय होतंय म्हणून विचारलं तर त्यांनी तोंड उघडलं आणि म्हणाले, "काय ते." परत विचारलं, परत तेच. "काय ते, काय ते."

शेजाऱ्यांनी ऑटो आणला. दवाखान्यात अकरा दिवस राहिलो. डॉक्टरांनी सांगितलं की लकवा आहे. जीव वाचला, पाय येईल, हात थोडाफार येईल, बोलण्याचं मात्र सांगता येत नाही. पाय खरंच आला. बाराव्या दिवशी ते भिंत धरून आपल्या पायांनी घरात शिरले. पण शब्द त्यांच्याजवळ ते दोनच उरले होते. पाणी हवं असलं तरी "काय ते", राग आला तरी "काय ते". मुलगी आदल्या वर्षीच सासरी गेली होती. तिचा फोन आला की "काय ते" म्हणत रडायचे. घरात आम्ही दोघंच.

हा माणूस आधी कसा होता ते सांगायला हवं. भंडाऱ्यात पिढ्यान्‌पिढ्या कापड विणणारं हे घर. पण यांचं मन विणण्यापेक्षा विकण्यात. थोडे दिवस मागावर बसायचे आणि मग गठ्ठा घेऊन एसटीनं बाजार धरायचे. गोंदिया वेगळा जिल्हा झाला तरी तिकडच्या बायका लुगड्यासाठी यांचीच वाट पाहत. घ्यायचं नसलं तरी बोलणं ऐकायला बसत. लग्न ठरवायला माझ्या माहेरी, सानगडीला, आले तेव्हा त्यांनी तलावाच्या पाळीवर बसून माझ्या वडिलांना इतकं हसवलं होतं की वडील त्या दिवशी शेतावर जायचंच विसरले. आता घरी कोणी आलं की ते भिंतीकडे तोंड करून निजत. येणारे लोक त्यांच्याशी मोठमोठ्यानं बोलत. बहिरे ते झालेच नव्हते. त्यांना सगळं कळत होतं, आणि हेच फार वाईट होतं.

माझा धाकटा भाऊ सानगडीला शाळेत शिकवतो. महिन्याभरानं तो भेटायला आला आणि येताना एक पुस्तक घेऊन आला. पिवळं कव्हर, त्यावर डोंगराच्या टोकाला हात पसरून उभा असलेला माणूस. आत संकटातून वर आलेल्या लोकांच्या गोष्टी आणि प्रत्येक गोष्टीखाली चौकटीत उपदेश. भावानं ते स्वतः दोनदा वाचलं होतं, पेन्सिलीनं खुणा केल्या होत्या. त्याचं मन साफ होतं. म्हणाला, "भाऊजी, हे वाचा. मनात आणलं तं माणूस काहीबी करू शकते." यजमानांनी पुस्तक हातात घेतलं, चित्राकडे पाहिलं, छातीवर ठेवलं आणि डोळे मिटले. मला भावाचा राग आला. ज्याला पाणी मागता येत नाही त्याला डोंगर चढायला काय सांगायचं? तो गेल्यावर ते पुस्तक मी तांदळाच्या कोठीवर टाकून दिलं.

बोलणं शिकवणाऱ्या मॅडम नागपूरहून दर गुरुवारी दवाखान्यात येत. वय पंचविशीचं, माझ्या मुलीपेक्षा थोडं जास्त. त्यांनी मला नीट समजावलं. शब्द गेलेले नाहीत, आतच आहेत. तोंडापर्यंतचा रस्ता मोडला आहे आणि तो रोज थोडा थोडा बांधावा लागेल. रोज अर्धा तास दोघांनी मिळून, एका आवाजात, मोठ्यानं वाचायचं. वाचताना शब्दाखाली बोट फिरवायचं. ते अडले तर वाट पाहायची, शब्द आपण पुरवायचा नाही. किती दिवस, असं मी विचारलं. "दिवस मोजू नका, काकू," एवढंच त्या म्हणाल्या.

घरी आल्यावर मी शेजारून पहिलीचं पुस्तक मागून आणलं. कमळ, गवत, बदक. दोन दिवस त्यांनी ओठ हलवले नाहीत. तिसऱ्या दिवशी डाव्या हातानं पुस्तक हिसकून घेतलं आणि अंगणात फेकलं. आजारपणाचा संताप असेल असं मला वाटलं. पण पुस्तक उचलायला वाकले तेव्हा पानावरचं बदक दिसलं आणि माझीच मला लाज वाटली. अठ्ठेचाळीस वर्षांच्या माणसापुढे, ज्यानं दोन जिल्ह्यांचे बाजार बोलून जिंकले होते, त्याच्यापुढे मी बदक धरलं होतं.

मोठ्या माणसाचं पुस्तक घरात दुसरं कुठलं होतं? एक पंचांग, एक जुनी पोथी आणि कोठीवरचं ते पिवळं. पोथीतली मराठी मला झेपणार नव्हती. म्हणून ते पिवळं उतरवलं, पुसलं, आणि दुसऱ्या दिवसापासून आम्ही त्यालाच बसलो.

भांडी भरून नळ गेला की आम्ही ओट्यावर बसत असू. मी सातवीपर्यंत शिकलेली. त्यानंतर कॅलेंडर आणि एसटीची पाटी यापलीकडे काही वाचलं नव्हतं. म्हणजे अडखळणारे आम्ही दोघं होतो, फक्त माझं अडखळणं लोकांना दिसत नव्हतं. 'सकारात्मक' हा शब्द मलाही दोनदा वाचावा लागला. त्यांना त्याला पंधरा दिवस लागले. रोज "सका... सका..." पर्यंत येत आणि मग "सकाय ते" म्हणून मोकळे होत. एकदा मला हसू फुटलं. ते रागावतील म्हणून मी घाबरले, पण ते स्वतःच हसले, अर्ध्या चेहऱ्यानं.

हळूहळू पुस्तक मला कळायला लागलं आणि त्याचा रागही येऊ लागला. त्यातला प्रत्येक माणूस एकटाच पडे आणि एकटाच उठे. शेवटी कारखाना काढी. तो पडला होता तेव्हा त्याला आंघोळ कोण घालत होतं, भात कोण कालवून देत होतं, याचा कुठं पत्ता नव्हता. एका चौकटीत लिहिलं होतं, पहाटे चारला उठणारा मोठा होतो. मी लग्न झाल्यापासून चारलाच उठत होते. तरी मी वाचणं सोडलं नाही. सोडून करणार काय होते? माहेरी भाताचा रोवणा करताना बाई मागं मागं सरकत जाते. लावायची उरलेली बांधी तिच्या पाठीशी असते. डोळ्यांपुढं दिसते ती लावून झालेली ओळ. आई म्हणायची, वळून पाहू नको, कंबर जास्त दुखते. मीही वळून पाहायचं नाही असं ठरवलं.

अर्धं विणलेलं लुगडं तीन महिने मागावर तसंच होतं. मी जन्मभर कांड्या भरल्या, पण मागावर कधी बसले नव्हते. चैत्रात एका सकाळी बसले. पायाचा आणि हाताचा मेळ बसेना. ते शेजारी खुर्चीवर बसून जमिनीवर काठीनं ठेका द्यायचे आणि माझं चुकलं की काठी दोनदा आपटायचे. मी चिडून म्हणायची, मग तुम्हीच या. ते डाव्या हातानं उजवा हात उचलून मला दाखवायचे. ते लुगडं पुरं करून मी व्यापाऱ्याकडे नेलं. त्यानं काठ उलटून पाहिला आणि घडी घालून मला परत दिलं. मी ते घरात नेसायला काढलं आणि दुसरं मागावर लावायला घेतलं.

पोळा झाल्यानंतरची गोष्ट. तोवर सुटे शब्द येऊ लागले होते. पाणी, भात, नको, मुलीचं नाव. वाक्य मात्र येत नव्हतं. त्या दिवशी एका चौकटीवर आलो. संकट दुबळ्या मनाच्या माणसालाच गाठतं, असं तिथं छापलं होतं. माझं बोट पुढं जात होतं, पण माझ्या आवाजासोबत त्यांचा आवाज येईना. वर पाहिलं तर त्यांचा चेहरा लाल झालेला. त्यांनी डावा हात अख्खा पानावर ठेवला. मी थांबले. गळ्याच्या शिरा ताठ झाल्या, ओठ दोनदा उघडून मिटले.

"हे... खोटं... लिवलं हाये."

आठ महिन्यांतलं पहिलं अख्खं वाक्य. माझ्या आवाजानं ते मोडेल अशी भीती वाटली. मग हळूच विचारलं, "काहून खोटं?"

ते पानाकडे पाहत राहिले. रस्त्यावरून भाजीवाला ओरडत गेला, त्याचा आवाज विरला, तरी ते पाहतच होते.

"मी... दुबळा... नव्हतो."

तेव्हा मात्र मी पदर तोंडाला लावला.

त्यानंतर आमचं वाचन बदललं. चौकट संपली की मी विचारायची, खरं का खोटं? त्यांनी काहीही म्हटलं तरी "काहून" विचारल्याशिवाय मी पान उलटू देत नसे. यश मिळवायला घरदार सोडून गेलेल्या एका माणसाची गोष्ट होती. त्यावर ते म्हणाले, "बायकोले... इचारलं का?" हे तीन शब्द काढायला त्यांना पाव तास लागला, पण रोज भांडायला काहीतरी हवं म्हणून आता तेच आधी ओट्यावर येऊन बसत. सगळंच खोटं ठरवलं असंही नाही. जिथं आज थांबलात तिथं खूण करा आणि उद्या तिथूनच सुरू करा, असं एका पानाच्या तळाशी बारीक अक्षरात होतं. ते म्हणाले, "खरं." आणि पेन्सिल मागितली. भावाच्या खुणा सगळ्या मोठमोठ्या वाक्यांना होत्या. आमची पहिली खूण त्या बारीक ओळीला.

मॅडमना हे सांगितलं तेव्हा त्या खूप हसल्या. मग त्यांनी विचारलं, गुरुवारी नवीन पेशंटजवळ थोडा वेळ बसाल का? तिथं बपेऱ्याचा एक शेतकरी बायकोसोबत येत असे. तुमसरच्याही पलीकडून, एवढ्या दुरून यायचा आणि मान वर करायचा नाही. यजमान त्याच्या बाकावर जाऊन बसले. मग हे आपल्या चालीनं म्हणाले, "मी बी... असाच होतो. आता... भांडतो." शेतकऱ्यानं मान वर केली. त्याला वाचता येत नव्हतं. पुढच्या गुरुवारपासून हे त्याला पुस्तक वाचून दाखवू लागले, स्वतःचंच बोट ओळीखाली धरून. मी आणि त्याची बायको बाहेर पायरीवर बसून आपापल्या घरचं बोलत असू.

उजवा हात काही आला नाही. माग माझाच झाला. तिसऱ्या वर्षी व्यापाऱ्यानं माझा काठ उलटून पाहणं सोडलं. यजमान बाजारात पुन्हा बसू लागले. पूर्वीसारखं बोलणं नाही; मोजके शब्द, तेही थांबून थांबून. काही गिऱ्हाइकं निघून जातात, काही थांबतात. मी गावातल्या वाचनालयात नाव घातलं आणि तसली पुस्तकं एकामागून एक आणली. माणूस कसा घडतो, कसा वर येतो. आता पहिल्या दहा पानांतच मला कळतं की हा लिहिणारा कधी कोणाच्या उशाशी बसला आहे की नाही. तरी वाचते, आणि यांच्याशी भांडते.

मध्ये तो बपेऱ्याचा शेतकरी यायचा थांबला. प्रवास झेपत नाही असा निरोप आला. दोन दिवसांनी यजमान म्हणाले की मीच जाऊन येतो, एकटा. तुमसरला गाडी बदलायची होती. मी गावाचं नाव कागदावर लिहून खिशात घालायला गेले, कारण ब आणि प यांची त्यांच्या तोंडात अजून अदलाबदल होते. त्यांनी कागद माझ्या हातात परत दिला.

त्या दिवशी माझ्या मागावर सूत किती वेळा तुटलं ते सांगता येणार नाही. दिवेलागणीच्या आधी ते आले, पाय धुतले, खुर्चीवर बसले आणि सांगायला लागले. कंडक्टरनं कुठं म्हणून विचारलं तेव्हा पहिल्यांदा "पबेरा" निघालं. मागचे लोक घाई करू लागले. यांनी हात वर करून त्यांना थांबवलं आणि पुन्हा म्हटलं. तिसऱ्या वेळी बरोबर निघालं. मग गाडीत कोण भेटलं, शेतकऱ्याचा पाय कसा आहे, त्याच्या बायकोनं काय रांधलं होतं, सगळं सांगितलं. चूल पेटवायची वेळ टळून गेली तरी त्यांचं संपलं नव्हतं. पुढच्या सोमवारी परत येतो असं ते तिथं सांगूनच आले होते. डब्यात काय देऊ म्हणून मी विचारलं.