चेंडू धरणारा

आमचा धाकटा कॉलेजच्या फुटबॉल टीममध्ये होता, म्हणजे इथल्या अमेरिकन फुटबॉलच्या. किकर चेंडू मारायला धावत येतो, तेव्हा चेंडू जमिनीवर उभा धरून ठेवायचा, एवढंच याचं काम. पुण्याहून माझी बहीण फोनवर विचारायची, "अगं, पण तो खेळतो कधी?" तरीही मॅच असली की आम्ही दोघं प्लेनोच्या घरून ड्राइव्ह करत जायचो. यांनी आयुष्यभर लोकांच्या हृदयाची ऑपरेशन्स केली, पण मुलगा मैदानात गुडघा टेकून बसला की यांचेच हात गार पडायचे.

त्या सीझनला टीम यथातथाच खेळत होती. एका मॅचला धो धो पाऊस लागला. शेवटचे काही सेकंद उरले होते आणि आम्ही दोन पॉइंटनी मागे होतो. याच्याकडे फेकलेला चेंडू ओला होऊन सटकला आणि भलत्याच बाजूला आला. यानं लांब हात करून तो ओढला, चिखलात उभा केला, आणि किकरनं तो गोलच्या दोन्ही खांबांमधून पार केला. त्याचे तीन पॉइंट मिळाले आणि आम्ही जिंकलो.

सगळ्यांनी किकरला खांद्यावर घेतलं. आमचा चिखलातच बसून हसत होता.

नंतर किकरची आई मला शोधत आली. तिनं मला घट्ट मिठी मारली आणि म्हणाली, "तुमच्या मुलानं माझ्या मुलाला वाचवलं."

पार्किंगमध्ये मी डिकीतून धपाट्यांचा डबा काढला. किकरनं उभ्याउभ्या चार संपवले आणि आमच्या मुलाला विचारलं, "हे इतके दिवस एकटाच खात होतास?"