दोन कुलपांची दालमिल

जप्तीला गेले तरी भाऊ दाराबाहेर चपला काढायचे. हातात कोर्टाचा कागद, खांद्याला कापडी पिशवी आणि पाय अनवाणी. कुणी हसलं तर म्हणायचे, "लिलाव होयेपर्यंत घर त्याईचंच हाये ना, बाबू?"

वाशिमच्या कोर्टात मी नवा कारकून लागलो, तेव्हा ते तिथे बेलीफ होते. निवृत्तीला चार-पाच वर्षं राहिलेली. समन्स, नोटिसा, जप्त्या घेऊन तालुकाभर हिंडायचे. अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. बातमी वाईटच आणतात, तरी लोक त्यांना आधी पाणी विचारतात.

बहात्तरच्या दुष्काळानंतरची ती वर्षं. अनसिंगला एका शेठची दालमिल बंद पडली होती. शेठनं ती आधी बँकेकडे गहाण ठेवली होती आणि नंतर तीच मिल कारंजाच्या एका अडत्याकडे गहाण ठेवून पुन्हा पैसे उचलले होते. बँक म्हणे, आमची नोंदणी आधीची. अडत्या म्हणे, मूळ खरेदीखत माझ्या तिजोरीत आहे, तेव्हा हक्क माझा. तीन वर्षं दावा चालला. त्या काळात दोघांनीही फाटकाला आपापलं कुलूप ठोकलं. मिलमध्ये जायचं तर दोघांना एकाच वेळी बोलवावं लागे, आणि दोघं एकमेकांशी बोलत नसत.

शेवटी निकाल लागला. आधी बँकेचं भागवायचं, उरलं तर अडत्याचं. लिलावापूर्वी यंत्रसामानाची यादी करायला भाऊ निघाले, लिहून घ्यायला मी.

बँकेच्या साहेबांनी आपलं कुलूप काढलं, अडत्यानं आपलं. मग दोघं एकमेकांकडे पाठ करून उभे राहिले.

"पाह्य बाबू," भाऊ हळूच म्हणाले, "मांडवात व्याही रुसल्यावानी उभे हायेत."

आत सगळीकडे डाळीचा जुना भुसा साचला होता. मी चाळण्या मोजत होतो. शेठही आला होता; तो भाऊंना पलीकडे घेऊन गेला, आणि भिंतीआडून त्याचा आवाज आला.

"भाऊ, मागच्या खोलीत डिझेल इंजिन हाये. या दोघाईच्या ध्यानात नाही. यादीत नका लिवू. ते इकून तुमचे पैसे देऊन टाकतो."

मग भाऊंचा आवाज आला, "शेठ, त्या यादीखाली माही सही राह्यते."

ते बाहेर आले आणि माझ्या वहीकडे बोट करून म्हणाले, "लिव बाबू. डिझेल इंजिन, एक. चालू हालतीत."

परतताना एस. टी. च्या थांब्यावर मी विचारलं, "तुमचे कसले पैसे, भाऊ?"

त्यांनी आधी पिशवीतला तंबाखू काढला, मळला. मग सांगितलं. पोरीच्या लग्नासाठी साठवलेले अठराशे रुपये त्यांनी शेठकडे ठेवायला दिले होते. मिल चालती होती, माणूस भला होता. चिठ्ठी ना चपाटी.

"मग तुम्ही दावा का नाही लावला?"

"कायच्या जोरावर? बँक पयली, अडत्या दुसरा. माहा नंबर येईपर्यंत तिथं भुसा उरीन. अन् सरकारी मानसानं पैसे कायले देल्ले, हे कोर्ट आधी मलेच इचारीन."

"घरी माहीत आहे?"

"बायकोले मालूम हाये." ते रस्त्याकडे पाहत राहिले. "पोरीले वाटते, बापाले कोनतंच पोरगं पसंत पडून नाही राह्यलं."

लिलावाच्या दिवशी जाहीरनामा भाऊंनीच वाचला, इंजिनासकट. बँकेचं पुरतं भागलं, अडत्याच्या हाती निम्मं आलं. अडत्या तिथेच वकिलावर ओरडला. भाऊंनी कागदाची घडी घातली आणि पाणी मागितलं.

पोरीचं लग्न पुढे दोन वर्षांनी झालं. भाऊंनी फंडातून पैसे काढले होते. पंगती सुरू असताना शेठ आला. धोतर मळलेलं, हातात एक साधं पातळ. वधूच्या आईच्या हातात ते देऊन तो तसाच माघारी वळला, तर भाऊंनी त्याला मांडवाच्या तोंडाशी गाठलं.

"शेठ, जेवल्याबिगर नाही जाऊ देनार."

"भाऊ, कोन्या तोंडानं जेवू?"

"बसा तं खरं."

त्यांनी स्वतः पत्रावळ मांडली, स्वतः वाढलं. शेठ खाली मान घालून जेवला. मी समोरच्या पंगतीत होतो. भाऊ दोनदा बुंदी घेऊन त्याच्यापाशी आले. पैशाचा विषय त्यांनी पुढेही कधी काढल्याचं मला माहीत नाही.

निवृत्तीच्या दिवशी आम्ही चार-पाच जणांनी त्यांना कारंजाच्या गाडीत बसवून दिलं. गाव त्यांचं शेलूबाजार. मांडीवर नारळ, गळ्यातला हार काढून खिडकीच्या गजाला अडकवलेला. मी खालून त्यांना सांगत होतो, पेन्शनच्या कागदांचं मी पाहतो, तुम्ही हेलपाटा मारू नका.

एवढं बोलून मी टाचा उंचावून आत पाहिलं. भाऊंचा डोळा लागला होता. गाडी सुटायला अजून दहा मिनिटं होती. मी कंडक्टरला शोधून सांगितलं, "शेलूबाजार आलं की त्यांना उठवा. तोवर झोपू द्या."