बनुबाईंचा जलव्यायाम

उंब्रजच्या आमच्या शेजारीण बनुबाई रोज कृष्णेत जीव द्यायला जातात, असं त्या उन्हाळ्यात गावभर झालं. छे, आखडलेल्या गुडघ्यांसाठी डॉक्टरांनी त्यांना ‘जलव्यायाम’ सांगितला होता. म्हणजे पोहणं नव्हे. कमरेएवढ्या पाण्यात चालायचं. पाणी अंग पेलतं, गुडघ्यांवर भार येत नाही. अफवा धाकट्या जावेची, लीलाबाईची. ‘अक्का लंगडतात’ म्हणत तिनं मागल्या बेंदराला बैल ओवाळायचा थोरलीचा मान बळकावला होता.

त्याच वर्षी, चौऱ्याहत्तर सालच्या बेंदराला, बनुबाई ताठ चालत गोठ्याशी आल्या आणि त्यांनी लीलाबाईच्या हातातलं आरतीचं ताट काढून घेतलं. कुंपणाशी माझा चहा गार झाला.

“आवं अक्का, पाय दुखतील की,” लीलाबाई म्हणाली.

“दुखू देत. नदीत जीव द्याय न्हवते जात, हे ताट घ्याय जात हुते.”