आयडा क्रोईचा चौथा निरोप

सकाळपासून वारा झोंबत होता. वर डोंगरावर धुकं आणि खाली किनाऱ्याच्या कड्यांवर कोरडं ऊन. आयडा क्रोई डबड्यांतल्या स्क्रबवुडच्या रोपांना झारीनं पाणी घालत होती. शेवंतीच्या कुळातलं हे पांढऱ्या फुलांचं झुडूप आमच्या सेंट हेलेना बेटाबाहेर रानात कुठं उगवत नाही. तिचा बाप विल्फ कड्यावरची झुडपं बकऱ्यांपासून राखायचा, आणि आयडा बापाला.

आज संध्याकाळच्या बोटीनं ती फॉकलंडला निघाली होती, तिथल्या लष्करी छावणीच्या स्वयंपाकघरात कामाला. जाणाऱ्यानं शेजारपाजाऱ्यांना निरोपाचा प्लो, म्हणजे आमचा मसालेभात, खाऊ घालायचा. आयडानं याआधी तीनदा घातला, आणि तिन्ही वेळा ऐन बोटीच्या दिवशी विल्फ आजारी पडला.

"काल चौथ्यांदा जेवलो बरं का," शेजारचा स्टेडसन कुंपणावरून म्हणाला. "आता तरी जा बाई. आमच्या पोटालाही लाज आहे."

"कधीपासून, काका?"

दुपारी पेटी बांधून झाली, तर म्हातारा घरात नाही. ती कड्याकडे धावली. खाली बकऱ्यांच्या वाटेवर, स्क्रबवुडच्या जाळीशी विल्फ बसलेला.

"बकरी शिरली होती गं. हाकलली. आता वर चढवत नाही."

"रोज तर चढता, बाबा!"

"आज गुडघा धरला."

ती उतरली. दंडाला धरून ओढलं, म्हातारा ढिम्म. तेवढ्यात मागं मुरूम सुटला आणि ज्या पायवाटेनं ती उतरली, ती वाटच घसरून समुद्रात गेली. आयडानं झुडपाचा बुंधा घट्ट धरला. चिकट पानं तळहातात चुरगळली.

"काका! ओ काका!"

वर स्टेडसनचं डोकं दिसलं. "हलू नका. दोर आणि माणसं आणतो."

माणसं गोळा होईस्तोवर ऊन कललं. बोटीचा भोंगा वाजला. बोट कड्याखालूनच गेली, इतक्या जवळून की डेकवर कुणीतरी रुमाल हलवताना दिसलं.

"पुढची येईलच की," विल्फ म्हणाला.

"बकरी कुठाय, बाबा? एक ताजी लेंडी तरी दाखवा."

म्हातारा फुलांकडे बघत राहिला.

"चार वेळा, बाबा."

"एकटा राहवत नाही गं मला."

दोर आला तेव्हा तिनं पहिला फास बापाच्या काखेखाली आवळला, दोनदा ओढून बघितला.

घरी आल्यावर पेटीला हात न लावता तिनं सुरी घेतली आणि दोघांच्या रात्रीच्या जेवणाचे बांगडे साफ करायला बसली.