वाहत्या पाण्यावरचा बर्फ

मी छातीपर्यंत गार पाण्यात होते, हात फुटक्या बर्फावर, आणि सून "आई, आई" करत माझ्याकडे धावत येत होती. जर्मनीतल्या त्या गोठलेल्या तळ्यावर मासे धरायला बसलेला एक म्हातारा तिच्यावर खेकसला, तशी ती थबकली. तो स्वतः पोटावर पडला आणि आपली लाकडी घसरगाडी पुढे ढकलत सरपटत आला. मी ती धरली. त्याने मला पोत्यासारखं ओढून बाहेर काढलं.

काठावर त्याने आधी मिशांवरचा बर्फ पुसला, मला आपल्या थर्मासमधली कॉफी दिली आणि मग रागावून बोलत सुटला.

सून म्हणाली, "आई, ते म्हणतात, इथली सगळी तळी या नदीने जोडलेली आहेत. नदी तळ्यात शिरते तिथे बर्फ पातळच राहतो. तुम्ही नेमक्या तिथेच कशाला गेलात?"

"निर्माल्य काय साचलेल्या पाण्यात सोडायचं? नदी तिथे येते म्हणूनच गेले. सांग त्याला."

तिने सांगितलं. "आख सो!", म्हणजे "अस्सं होय!", म्हणत तो डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसला. मलाही हसू आलं.

त्याचं नाव विचारायचं राहिलं. वीसेक वर्षं झाली. तो सुनेवर खेकसला आणि स्वतः सरपटत आला, म्हणून त्या दिवशी आम्ही तिघंही वाचलो.