शेवटच्या प्रकरणाची गाठ

आमच्या बाईंनी पोतंभर इंग्रजी कादंबऱ्या वाचल्या होत्या, पण शेवटपर्यंत जवळजवळ एकही नाही. शेवटचं प्रकरण आलं की त्या थांबायच्या. उरलेली पानं आणि मागचा पुठ्ठा एकत्र धरून त्याला टॉवेलच्या सुताचा वेढा घालायच्या, एक बारीक गाठ मारायच्या आणि पुस्तक कपाटात ठेवून द्यायच्या. त्यांच्या घरी पहिल्यांदा गेले तेव्हा ते काचेचं कपाट बघून मला हसू आलं. "बाई, पुस्तकं पळून जातात की काय?" असं मी विचारलंसुद्धा. बाई हसल्या नाहीत. "चहा घे," एवढंच म्हणाल्या.

आम्ही सोलापुरात एकाच शाळेत शिकवत होतो, त्या इंग्रजी आणि मी विज्ञान. राहायलाही एकाच गल्लीत होतो. पाठीमागे अक्कलकोट रोडची एमआयडीसी, त्यामुळे दिवसभर मागांची खडखड कानात असायची. ती इतकी सवयीची झाली होती, की वीज जाऊन माग थांबले की उलट दचकायला व्हायचं. बाई मूळच्या बार्शीच्या. त्यांचे वडील तिथे हेडमास्तर होते. शाळेनं जुनी पुस्तकं मोडीत काढली तेव्हा त्यांनी ती उचलून घरी आणली. सगळी इंग्रज राणीच्या अमदानीतली, आणि सगळ्यांची गोष्ट साधारण एकच. चार साहेब, एक फाटका नकाशा, मध्ये वाळवंट नाहीतर जंगल, पलीकडे जगानं विसरलेलं एखादं नगर आणि त्या नगरात हजारो वर्षं जिवंत असलेली राणी.

बाई या साहेबांची यथेच्छ टिंगल करायच्या. "काय गं, ह्यांना नकाशा कसा अगदी वेळेवर सापडतो? मला काल तपासलेल्या वह्या सापडत नाहीत." किंवा, "राणी दिसली की चौघंही प्रेमात. एकानं तरी विचारावं, बाई, तू जेवलीस का?" पण राणीबद्दल बोलायला लागल्या की त्यांचा आवाज बदलायचा, खाली यायचा. एकदा म्हणाल्या, "तिच्या ओळखीचं माणूस उरलेलंच नसतं कुणी. नुसती बसून असते."

या सगळ्या गोष्टींचे श्रोते म्हणजे बाईंचे यजमान. एमआयडीसीतल्या एका टॉवेलच्या कारखान्यात ते जॉबर होते, म्हणजे बिघडलेले माग दुरुस्त करणारे. सगळी गल्ली त्यांना जॉबरकाका म्हणायची. माणूस मोडनिंबचा, आवाज खणखणीत, आणि इंग्रजीचा गंध नाही. बाई इंग्रजी ओळीवरून बोट फिरवत फिरवत मराठीत सांगायच्या आणि काका त्या बोटाकडे टक लावून बघत ऐकायचे. त्यांचं साहेबांशी काही देणंघेणं नसायचं.

"ते साहेब ऱ्हाऊ दे. त्या हमालांचं काय झालं?"

"एक दरीत पडला. एकाला मगरीनं नेलं."

"नाव काय त्याचं?"

"पुस्तकात दिलेलं नाही हो."

"आसं कसं? माणूस मेला म्हंजे त्याला नाव आसंलच की!"

तेव्हापासून बाईंनी हमालांना नावं द्यायला सुरुवात केली. दगडू, मारुती, शिवाप्पा. दगडू दरीत पडला त्या दिवशी काका भाकरीवर नुसतीच शेंगाचटणी घेऊन बसले होते म्हणे, घास उतरत नव्हता. ती सुताची गाठही काकांनीच शिकवलेली. मागावर तुटलेला दोरा जोडताना मारतात ती, फणीतून बिनबोभाट निघून जाईल इतकी लहान आणि ओढावी तितकी घट्ट बसणारी.

गाठीचं कारण बाईंनी मला एकदाच सांगितलं. स्टाफरूममध्ये आम्ही पेपर तपासत होतो. "वडील आजारी होते. त्यांना असंच एक पुस्तक वाचून दाखवत होते. शेवटच्या प्रकरणात राणी मेली. 'झालं का?' म्हणाले. 'झालं' म्हटलं. दिवेलागणीला गेले. मग मोडनिंबला सासूबाई. अंथरुणाला खिळलेल्या, गोष्टीचं भारी वेड. शेवट सांग म्हणून हट्ट धरून बसल्या. सांगितला." बाईंनी लाल पेन उचललं आणि पेपरात डोकं घातलं.

"योगायोग हो, बाई," मी म्हणाले.

"असेल. पण मी वाचलंच नाही तर राणी मरत नाही ना? मग कशाला वाचायचं?"

पुढे काकांना अर्धांगवायूचा झटका आला. उजवं अंग गेलं. डॉक्टरांनी फारशी आशा ठेवू नका म्हणून सांगितलं होतं, पण काका वर्षामागून वर्षं काढत राहिले. बाई शाळेतून आल्या की पदर खोचून आधी त्यांचं सगळं करायच्या आणि मग पुस्तक घेऊन बसायच्या. एकाला गाठ बसली की दुसऱ्या दिवशी दुसरं सुरू, मध्ये एक दिवसही मोकळा जाऊ द्यायच्या नाहीत. बाईंनी नवऱ्याला धरून ठेवलंय, असं लोक कौतुकानं म्हणायचे. मी मात्र काकांची पाठ पाहिली होती. झोपून झोपून तिला जखमा झाल्या होत्या. कूस बदलताना तो खणखणीत माणूस लहान मुलासारखा कण्हायचा. त्यांची नजर त्या कपाटाकडे लागलेली असायची, आणि मला त्या घरात बसवेनासं व्हायचं.

काकांच्या शेवटच्या उन्हाळ्यात कुंडाच्या राणीचं एक पुस्तक चालू होतं. डोंगराच्या पोटात एक कुंड, त्याचं पाणी प्यायलं की वय थांबतं आणि ती राणी ते रोज पिते. एका दुपारी काकांनी मध्येच विचारलं, "तिला कुणी इचारलं का, आजून जगायचं हाय का म्हणून?"

"गप्प पडा तुम्ही," बाई म्हणाल्या. नवऱ्यावर आवाज चढवताना मी त्यांना तेव्हा पहिल्यांदाच ऐकलं.

नंतर थोड्याच दिवसांनी मी पन्हं घेऊन गेले होते. आदल्या दिवशीच त्या पुस्तकाला गाठ बसली होती, पण ते कपाटात न जाता काकांच्या उशाशीच राहिलं होतं. बाई आत पाण्याची कळशी भरत होत्या. काकांनी डाव्या हातानं पुस्तक छातीवर ओढलं, गाठीला नख लावलं, मग दात लावला. "ही गाठ म्याच शिकिवली तिला," मला म्हणाले. सूत सुटून त्यांच्या सदऱ्यावर पडलं. तेवढ्यात बाई कळशी घेऊन बाहेर आल्या आणि जागच्या जागी थांबल्या.

"अहो, काय केलंत हे?"

"वाच."

"नाही."

"मग ह्या मास्तरीणबाईला सांगतो. तिला बी इंग्रजी येतं की."

बाईंनी माझ्याकडे पाहिलं, कळशी खाली ठेवली आणि खुर्ची ओढली. "ती नको. मी वाचते."

वाचायला सुरुवात झाली आणि वीज गेली. कूलर थांबला, पाठीमागचे माग थांबले. त्या शांततेत बाईंचा आवाज फार मोठा वाटत होता. कुंड आटलं होतं, पाणी एका भांड्यापुरतं उरलं होतं, साहेब राणीला पी पी म्हणून विनवत होते. "मग राणीनं भांडं तोंडाला लावलं," बाई म्हणाल्या. "सगळं प्यायली. उठून डोंगरात निघून गेली. अजून आहे ती तिथे." मी त्यांच्या खांद्यामागे बसले होते. पान मला दिसत होतं आणि त्यात असं काही लिहिलेलं नव्हतं. मी पानावरून नजर काढून घेतली.

काका मात्र म्हणाले, "बोट थांबलंय तुजं."

बाईंचं बोट खरंच एका ओळीवर थांबलेलं होतं.

"बोट चालव. हाय ते सांग."

मग हळूहळू बोट पुढे सरकलं. "राणीनं भांडं पालथं घातलं. वाळूत."

"कुणी ढकाललं न्हाय ना तिला?"

"नाही. तिनंच."

"मग ब्येस झालं. लई दमली आसंल." काकांनी पाणी मागितलं. बाईंनी पेला त्यांच्या ओठांना लावला. अर्धा पिऊन त्यांनी तोंड फिरवलं. "बास," म्हणाले.

त्याच आठवड्यात काका गेले. सकाळी बाई त्यांची दाढी करत होत्या. आम्ही धावत गेलो तेव्हा एका गालावर साबण तसाच होता आणि बाई तो ओल्या फडक्यानं अगदी सावकाश पुसत होत्या. डॉक्टरांनी फार पूर्वीच सांगून ठेवलं होतं, हे मी येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला समजावून सांगितलं. बाईंना मात्र योगायोग हा शब्द मी पुन्हा कधी ऐकवला नाही.

निवृत्तीनंतर काचबिंदूनं बाईंची नजर गेली आणि त्या बार्शीला भाचीकडे राहायला गेल्या. बरोबर कपडे थोडे आणि पुस्तकं जास्त. सुट्टीच्या दिवशी मी एसटीनं जाते आणि त्यांना वाचून दाखवते. ओळीवरून बोट फिरवायची सवय मलाही लागली. बाईंना ते दिसत नाही, म्हणून त्या आपला हात माझ्या मनगटावर ठेवून बसतात. प्रकरण शेवटचं आलं की चाचपडत पानं धरतात आणि स्वतःच गाठ मारतात. ती अजूनही तितकीच बारीक बसते.

गेल्या खेपेला त्या फार थकलेल्या वाटल्या. जेवण तुटलं होतं, हात नुसता हाडांचा. शेवटच्या प्रकरणापाशी मी थांबले आणि सूत त्यांच्या हातात दिलं. त्यांनी ते बाजूला ठेवलं.

"आज गाठ नको. पुढे वाच."

"बाई, माझी गाडी चुकेल हो."

"सोलापूरला गाड्यांचा तोटा नाही. वाच."

मी वाचू लागले. पुढच्या दोन पानांत काय येणार ते मला दिसत होतं. मी, विज्ञान शिकवणारी बाई, पोरांना पुरावा मागायला शिकवणारी, पान न बघता बोलू लागले. राणीनं दार उघडलं म्हणाले, बाहेर उजाडलं होतं म्हणाले, राणी चालत निघाली म्हणाले.

"बोट थांबलंय तुझं," बाई म्हणाल्या. त्यांचा हात माझ्या मनगटावर होता.

या बाईवर माझा जीव आहे आणि मला ती हवी आहे, एवढंच डोक्यात होतं.

"ह्यांना मी खरं सांगितलं होतं," बाई म्हणाल्या. "चल. मलाही सांग."

मी डोळे पुसले आणि बोट पुढच्या ओळीवर ठेवलं.